कासिमालीचा कागद

सायराकान-एजे कोकबेलच्या नदी-कचेरीत एकतीस वर्षं होती, आणि त्यातली बावीस मी तिच्या समोरच्या टेबलाशी काढली. माझ्यापेक्षा नऊ वर्षांनी मोठी, म्हणून एजे म्हणायचं. पण माझी सख्खी थोरली बहीण जन्मात मला रागावली नसेल तेवढं ही एका आठवड्यात रागवायची. लहानपणी गवत कापताना तिची डाव्या हाताची दोन बोटं गेली होती. उरलेल्या आठांनी ती कीबोर्डवर अशी तुटून पडायची की शेजारच्या खोलीतून साहेब विचारायचे, काय गं, खिमा चाललाय का आत?

आमचं काम साधं. वरच्या चार ठाण्यांवरून रोज सकाळी फोन यायचा. बर्फ किती हात, रात्री पारा किती उतरला, नदी किती चढली. मी ते वहीत घ्यायचे, मग मशीनमध्ये भरायचे. एप्रिल सरता सरता एजे त्या सगळ्या आकड्यांवर एक प्रोग्राम चालवायची आणि प्रिंटरमधून एकच कागद बाहेर यायचा. सारीसू नदीला मे महिन्यात कुठल्या तारखेला किती पाणी असेल, आणि उताराचे दिवस कुठले. उतार म्हणजे पाणी घोड्याच्या पोटाखाली असेल ते दिवस. आमच्या धनगरांना मेंढरं घेऊन वरच्या कुरणात जायचं तर सारीसू ओलांडावी लागते, आणि पूल आहे तो खाली, दोन दिवसांच्या वाटेवर. तेव्हा तो कागद दुकानाच्या दारावर, गिरणीवर, दवाखान्यात चिकटवला की गावं हलायची. त्यावर कचेरीचा शिक्का असायचा, पण शिक्क्याकडं बघतो कोण. सगळे त्याला कासिमालीचा कागद म्हणायचे.

कासिमाली एजेचा नवरा. आमच्याच कचेरीत इंजिनियर. उंच, पाठीत वाकलेला, बोलायला कंजूष. अकरा हिवाळे तो काठी घेऊन वरच्या खिंडीत बर्फ मोजत हिंडला होता. कुठल्या ठाण्याचं बर्फ स्वतःचं आणि कुठल्याचं वाऱ्यानं उसनं आणून टाकलेलं, हे त्याला पायानं कळायचं. ते सगळं त्यानं फोर्ट्रान नावाच्या भाषेत उतरवलं, दोन हिवाळे बसून. नव्याण्णव साली कचेरीत पहिलं लिनक्सचं मशीन आलं तेव्हाची ही गोष्ट. पहिल्या वर्षी लोक हसले. दुसऱ्या वर्षी कागद म्हणाला सतरा तारखेपर्यंत थांबा, चार घरं थांबली नाहीत, त्यांच्या अर्ध्या मेंढ्या नदीनं नेल्या. त्यानंतर कुणी हसलं नाही.

त्याचा प्रोग्राम एकटा चालायचा नाही. त्याला एक सामाईक फाइल लागायची. आकडा वाचायचा कसा, वर्गमूळ काढायचं कसं, कागदावर छापायचं कसं, हे प्रोग्रामला स्वतःला ठाऊक नसतं. ते त्या फाइलीत असतं, आणि त्या भाषेतले मशीनवरचे सगळे प्रोग्राम तिच्याकडं मागायला जातात. मला हे काही केल्या कळेना, तेव्हा कासिमालीनं सांगितलं होतं. आपल्या आळीत लग्न निघालं की मोठी कढई कोण विकत घेतं? कुणी नाही. आळीची एक असते, तीच सगळ्यांकडं फिरते. म्हणून कचेरीत आम्ही त्या फाइलीला कझान म्हणायला लागलो, आमच्याकडं मोठ्या कढईला तेच म्हणतात. तिचं खरं नाव एजेलाच पाठ होतं.

दोन हजार चार साली मूत्रपिंडांनी कासिमाली गेला. बावन्न वर्षांचा होता. मूलबाळ नव्हतं. चाळिसावा झाला आणि एजे परत टेबलाशी येऊन बसली. त्या एप्रिलला कागद निघाला तेव्हा दुकानापुढं म्हातारे म्हणाले, बघा, गेला तरी सांगतोय. हे मीच तिला येऊन सांगितलं. तिनं डोक्याचा रुमाल सोडला, परत बांधला, आणि मला म्हणाली की ठाणे क्रमांक तीनचा कालचा पारा तू अजून भरलेला नाहीस.

मग आला दोन हजार आठचा हिवाळा. ज्यांनी तो काढला त्यांना सांगायला नको. दिवसाला दहा-दहा तास वीज नाही, कोळसा जानेवारीतच संपला, कचेरीत शाई गोठायची. आम्ही मधल्या खोलीत लोखंडी शेगडी आणून बसवली होती. तिच्यात आधी मोडक्या खुर्च्या गेल्या, मग कुंपण गेलं. एक दिवस एसेनगुल-बायके, म्हणजे आमचे साहेब, म्हणाले की माळ्यावर जुन्या नोंदवह्या पडल्यात, पन्नास-साठ सालातल्या, त्या उतरवा. माणूस वाईट नव्हता. त्यांच्या स्वतःच्या बोटांना हिमदंश झाला होता.

एजे जिन्यात आडवी उभी राहिली. म्हणाली, "बायके, त्रेपन्न साली नदी किती होती ते परत मोजायला जाणार आहात का तुम्ही?"

साहेब म्हणाले, मग काय जाळू, तुला जाळू?

तिनं आपला खण उघडला. आत कासिमालीचा प्रोग्राम छापलेला होता, भोकाभोकांच्या लांब कागदावर, चांगला वीतभर जाड गठ्ठा. समासात त्याच्या पेन्सिलीच्या खुणा. हे मशीनमध्ये आहे, म्हणाली, कधीही छापता येईल, नोंदवह्या कुठंच नाहीत. आणि स्वतःच्या हातानं एकेक घडी शेगडीत सारत बसली. मी तिथंच होते. मी हात शेकले. त्यावर आम्ही चहा उकळला, मीठ घालून, आणि कुणीतरी म्हणालंसुद्धा की कासिमालीचा जाळ चांगला लागतोय. ती हसली होती.

फेब्रुवारीत एका दुपारी तासाभरात तीनदा वीज आली नि गेली. तिसऱ्यांदा मशीनच्या पोटातून कटकट ऐकू आली, दात वाजावेत तशी. नारीन शहरातल्या दुरुस्तीवाल्यानं डिस्क उघडली, पाहिली, आणि झाकण परत लावून दिली. कासिमालीनं लिहिलेलं जे काही होतं ते तिच्यात होतं.

एजेनं फ्लॅशवर, म्हणजे पेनड्राइव्हवर, काढून ठेवल्या होत्या त्या दोनच फाइली. तयार झालेला प्रोग्राम आणि कझान. जे चालतं ते जपायचं, लिहिलेलं कागदावर आहेच, असा तिचा हिशेब. आणि तयार प्रोग्राम मशीनला वाचता येतो, माणसाला नाही. पीठ झाल्यावर त्यातून गहू वेचता येत नाही.

नवं मशीन आलं, त्यात तिनं त्या दोन फाइली ठेवल्या, कागद निघाला. बाहेर कुणाला काही कळलं नाही. साहेबांनाही वाटलं सगळं शाबूत आहे. मला ठाऊक होतं, कारण मी शेगडीपाशी होते. पण आम्ही दोघी त्याबद्दल कधी बोललो नाही. फक्त त्यानंतर ती त्या दोन फाइलींना अशी जपायला लागली की जशी एखादी म्हातारी बाई शेवटची शेळी जपते. दर शरदात नव्या फ्लॅशवर उतरवायची आणि जुनी पुसून टाकायची. जुनी फ्लॅश आतून नासते असं तिनं कुठंतरी वाचलं होतं. बारा सालच्या शरदात उतरवता उतरवता वीज गेली. वीज आल्यावर तिनं पाहिलं, दोन्ही नावं दिसत होती. जुनी पुसली.

तेराच्या मार्चमध्ये ते मशीन मेलं. नवं आलं. तिनं फ्लॅश लावली, प्रोग्राम सुरू केला, आणि पडद्यावर ओळ आली की कझान फार तोकडं आहे. नाव आलं होतं, आत काहीच उतरलं नव्हतं.

बारा दिवस ती फोनवर होती. नव्या मशिनींबरोबर ती फाइल यायची बंद होऊन जमाना झाला होता. त्या भाषेला आता दुसरी कढई होती आणि जुन्या प्रोग्रामला तिच्यातलं चालत नव्हतं. आमच्याकडचं इंटरनेट म्हणजे सकाळी लावलेलं पान संध्याकाळी उघडणार. शेवटी राजधानीत कासिमालीचा एक जुना सोबती सापडला, कुठल्याशा संस्थेत होता. तो म्हणाला, आमच्याकडं आहे की, हेच नाव, चालते. मार्शरुत्काच्या, म्हणजे प्रवासी मिनीबसच्या, ड्रायव्हरनं लोकरी मोज्यात गुंडाळलेली फ्लॅश आणून दिली. एजेनं मोज्याचा वाससुद्धा घेतला.

प्रोग्राम चालला. ती तेवढ्यावर भुलणारी नव्हती. मागच्या वर्षीचे सगळे आकडे घालून तिनं परत चालवून पाहिला आणि मागच्या वर्षीचा कागद शेजारी धरला. सेंटीमीटरला सेंटीमीटर जुळला. त्या दिवशी तिनं घरून बोर्सोक तळून आणले आणि अख्ख्या कचेरीला खायला घातले. साहेब म्हणाले, काय गं, नवरा परत आला की काय? ती म्हणाली, हो, रात्री उशिरा, फार थकलाय, उठवू नका.

यंदाच्या कागदावर उतार बारा मेपासून सुरू होता, आणि पाणी होतं गुडघ्याएवढं.

शार्शेन-आके स्वतः कचेरीत आले. वरच्या वाडीतला सर्वांत म्हातारा धनगर, कासिमालीबरोबर बर्फात राहिलेला. कागद त्यांनी डोळ्यांशी नेला, लांब धरला. म्हणाले, "पोरी, यंदा ऊन लवकर उतरलंय. रातीला पानी गोठंना झालंय. आन् ह्यो कागद थंडीच्या गोष्टी सांगतुया."

एजे म्हणाली, "आके, मलाही तसंच वाटतंय. पण त्याचं आजवर चुकलंय का?"

म्हातारा म्हणाला, ते बी खरं, त्याला बर्फ घरच्या माणसावानी ठाऊक. कागदाची घडी करून टोपीत खोवली आणि गेला.

चौदा तारखेला दुपारी त्यांचा धाकटा मुलगा कुबात साडेतीनशे मेंढरं घेऊन सारीसूत उतरला. पाणी घोड्याच्या खोगिरावर होतं. वरून आणखी लोंढा आला. शंभरेक मेंढरं गेली, घोडा गेला, कुबात दोन दिवसांनी अकरा किलोमीटर खाली एका झाडोऱ्यात अडकलेला सापडला. चौतीस वर्षांचा. मागं बायको आणि दोन मुली.

दुकानाच्या दारावरचा कागद कुणीतरी फाडला. गिरणीवरच्या कागदावर चिखल मारला. लोक दबक्या आवाजात बोलत नव्हते, चांगलं मोठ्यानं बोलत होते. मेलेल्या माणसानं जिता माणूस नेला. एवढी वर्षं त्याचं ऐकलं, आता तो म्हणतोय सोबतीला या. मी दुकानात मीठ घ्यायला उभी होते, तर एक जण म्हणाला की असल्यांच्या थडग्यावर मातीही नीट बसत नाही. हे मी एजेला सांगितलं नाही. तिनं दुसऱ्या कुणाकडून तरी ऐकलं.

ती रडली नाही. तीन दिवस टेबलाशी बसून तिनं यंदाचा एकेक आकडा घेतला, एक बदलायची, चालवायची, कागद बघायची, परत पहिल्यासारखा करायची. तिसऱ्या दिवशी दुपारी तिनं एके ठिकाणी उणे सहा हा पारा रकान्यात एक घर उजवीकडं सरकवला. आकडा तोच, फक्त जागा हलली. नदी एका फटक्यात वर आली.

"बातमा," ती मला म्हणाली, "तू आकडे नेहमी डावीकडं चिकटवून लिहितेस?"

मी म्हणाले हो. चौदा वर्षं. मशीन आलं त्या पहिल्या दिवसापासून.

तिनं मला सगळं समजावून सांगितलं, अगदी शांतपणे, पहिल्यांदाच न रागावता. रकाना तीन घरांचा. मी उणे सहा लिहिलं की मागं एक घर मोकळं राहायचं. आमच्या जुन्या कझानला मोकळं ते मोकळं कळायचं. ह्या नव्या आणलेल्याला मोकळ्या घरात शून्य दिसत होतं. उणे सहाचे झाले उणे साठ. उणे चारचे उणे चाळीस. प्रोग्रामला वाटलं वर सगळं दगड झालंय, पाणी येतंय कुठलं. मागच्या वर्षी कडाक्याची थंडी होती, रोज रात्री उणे बारा, उणे पंधरा. तिन्ही घरं भरलेली. म्हणून जुळलं.

तिनं राजधानीत फोन लावला. तो सोबती म्हणाला की हो, आमच्याकडं भोकं पाडलेल्या जुन्या पुठ्ठ्याच्या पत्त्यांवरच्या नोंदी आहेत, त्यांच्यात मोकळं म्हणजे शून्यच असतं, म्हणून आम्ही ती फाइल तशी करून घेतली होती. सांगायचं सुचलं नाही, सायराकान. नाव तेच होतं ना.

एसेनगुल-बायके दार लावून आमच्यासमोर बसले. त्यांचं म्हणणं अगदी सरळ होतं. कारण सापडलं. आता आकडे उजवीकडं लिहा की झालं, प्रोग्राम अजून दहा वर्षं चालेल. वर कळवू की नदी अवचित चढली, नद्या चढतात. लोक वर्षभर कासिमालीला शिव्या देतील, मग पुढचा कागद बरोबर निघाला की परत त्याचंच नाव घेतील. पण तू तोंड उघडलंस तर ह्या कचेरीचा कागद कुणी शेगडीतसुद्धा घालणार नाही. मग तुझ्या नवऱ्याचं राहिलं काय?

एजेनं विचारलं, "आणि तोवर त्याला खुनी म्हणू द्यायचं?"

"तो मेलाय, सायराकान. त्याला ऐकू येत नाही."

"मला येतं ना."

कुबातच्या सातव्याला आम्ही दोघी गेलो. दारात राखाडी यर्त, म्हणजे नमद्याचा गोल तंबू, उभारलेला होता. आत बायका भिंतीकडं तोंड करून रडत होत्या, कुबातची बायको शोकाची गाणी गाऊन गाऊन घोगरी झाली होती. बाहेर पुरुष काठ्यांवर वाकून उभे होते, सर्वांत पुढं शार्शेन-आके. एजे आत गेली नाही. सरळ म्हाताऱ्यासमोर जाऊन उभी राहिली आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलायला लागली. कासिमालीनं लिहिलेलं मी आठच्या हिवाळ्यात शेगडीत घातलं. उरलं होतं ते मशीनमध्ये नासलं. प्रोग्रामला लागणारी फाइल माझ्या हातून गेली, मी दुसरीकडची आणून बसवली, नाव तेच बघून. त्या फाइलीनं थंडीचे आकडे दसपट वाचले. तुम्ही मला ऊन लवकर उतरलंय म्हणालात तेव्हा मी तुमचं ऐकलं नाही.

माझ्या डावीकडच्या आकड्यांबद्दल ती बोलली नाही. मी तोंड उघडलं, तर तिनं तिच्या तीन बोटांच्या हातानं माझं मनगट असं दाबलं की दुसऱ्या दिवशी वळ होता.

म्हातारा काठीवरून सरळ झाला नाही. विचारलं, "त्यानं चूक केली का न्हाई, एवडंच सांग."

"नाही."

"त्यानं लिवलेलं खरं हुतं?"

"खरं होतं."

"बरं." आत रडणं चालूच होतं. "मंग त्याला शिव्या द्यायचं बंद करायला सांगतो समद्यांस्नी. माझा सोबती हुता त्यो. पर बाई, तू ह्या दारात परत येऊ नगंस."

ती वळली. कुणी तिला नान दिला नाही, आणि आमच्याकडं सातव्याहून कुणी रिकाम्या हातानं जात नाही. परतीच्या वाटेवर मी म्हणाले की एजे, निम्मं माझं होतं. तिनं चालता चालता सांगितलं की तुझं लिहिणं चौदा वर्षं बरोबर होतं, आता गप्प राहा, मला चढ लागलाय.

साहेब म्हणाले तसंच झालं. पुढच्या एप्रिलला आकडे आले, मी ते उजवीकडं सरकवून भरले, आणि एजेनं प्रोग्राम चालवला नाही. चालवला असता तर कागद बरोबर निघाला असता, हे आम्हा दोघींना ठाऊक होतं. पण आमच्या दारात मागायला कुणी आलं नाही आणि न मागता चिकटवण्याचं धाडस साहेबांना झालं नाही. धनगर आता आधी एक म्हातारी घोडी पाण्यात घालून बघतात, नाहीतर दोन दिवस चालून पुलावरून जातात. मेंढ्या वाटेत मरतात थोड्या. माणूस त्यानंतर एकही गेला नाही.

शार्शेन-आकेंनी शब्द पाळला. कासिमालीला कुणी शिवी दिल्याचं मी परत ऐकलं नाही. त्याचं नावच ऐकलं नाही. उताराचे दिवस आले की पूर्वी दुकानापुढं चार माणसं तरी म्हणायची, कासिमाली काय म्हणतो यंदा. आता पाण्याच्या गोष्टी निघतात आणि त्याच्याशिवाय संपतात.

एजे सोळा साली पेन्शनीत गेली. माहेरच्या वाडीत एका खोलीत राहते, दोन शेळ्या आहेत. दर वर्षी मे महिन्यात तिचा फोन येतो. शेळ्यांचं सांगते, गुडघ्यांचं सांगते, मला दोन गोष्टींवरून रागावते. मग थांबते आणि विचारते, "खाली दुकानात कुणी काही म्हणालं का गं, त्याच्याबद्दल?"

मी सांगते, नाही एजे, कुणी काही म्हणालं नाही.

"बरं," म्हणते, आणि फोन ठेवते.